आयोरूच्या भिंतीवरची चादर

१९५४ सालच्या एका रात्री नायजर नदीच्या काठावरच्या आयोरू गावात एका मातीच्या भिंतीवर पांढरी चादर ताणून बांधली होती. बाजूला छोटा जनरेटर धडधडत होता. समोर गाव बसलं होतं आणि प्रोजेक्टरपाशी उभा होता झाँ रूश नावाचा फ्रेंच माणूस. याच गावच्या सोर्को कोळ्यांनी नदीत पाणघोड्याची शिकार केली, तेव्हा रूश तीन वर्षांपूर्वी कॅमेरा घेऊन त्यांच्या होड्यांत होता. तो चित्रपट आज तो ज्यांचा होता त्यांना दाखवायला घेऊन आला होता.

सुरुवातीला लोक चादरीकडे बघेनात, प्रोजेक्टरकडेच माना वळवून बघत राहिले. मग चादरीवर त्यांना आपली होडी दिसली, आपला घाट दिसला, आणि काही क्षणांत सिनेमा कसा बघायचा हे सगळ्यांना कळून गेलं. माणसं एकमेकांना ओळखू लागली, नावं घेऊन ओरडू लागली. त्यातली काही मधल्या तीन वर्षांत वारली होती. ती हलताना-बोलताना दिसली तशी रडारड सुरू झाली, आणि त्या गोंगाटात पहिल्या खेळाला धड काही ऐकू आलं नाही. पुन्हा लावा म्हणाले, पुन्हा लावला. मग पुन्हा.

नीट बघून झाल्यावर शिकाऱ्यांनी बोलायला सुरुवात केली. शिकारीच्या ऐन क्षणाला रूशने संगीत घातलं होतं. ते परक्या देशाचंही नव्हतं, शिकाऱ्यांना चेव चढावा म्हणून वाजवतात ती त्यांचीच धून होती. शिकाऱ्यांच्या प्रमुखाचं म्हणणं असं, की ही धून इथे कशी वाजेल? पाणघोड्याचे कान तिखट असतात. शिकारीच्या वेळी कोणी वाजवत बसलं तर जनावर तळ गाठेल आणि निघून जाईल. त्या वेळी नदीवर चिडीचूप असावं लागतं.

रूशने ते संगीत काढून टाकलं. पुढच्या पन्नास वर्षांत त्याने शंभराहून जास्त चित्रपट केले, पॅरिसमध्ये पारितोषिकं घेतली, विद्यापीठात शिकवलं. तरी माहितीपटाच्या संगीताबद्दल, आणि खरं तर माहितीपटाबद्दलच, त्याला मिळालेला सगळ्यात मोठा धडा आयोरूच्या त्या रात्रीचा होता असं तो आयुष्यभर सांगत राहिला. मला त्याचं हे सांगणं शब्दशः खरं वाटतं. ज्याच्यावर चित्रपट केला त्याला तो आधी दाखवायचा आणि तो जे बोलेल ते ऐकून घ्यायचं, ही साधी गोष्ट त्याच्याआधी फार थोड्यांना सुचली होती. त्याच्या नंतरही ती पाळणारे कमीच.

रूशचा जन्म ३१ मे १९१७ चा, पॅरिसचा. वडील नौदलात अधिकारी आणि हवामानशास्त्रज्ञ होते, फ्रेंच संशोधक शार्कोच्या दक्षिण ध्रुवाकडच्या मोहिमेवर जाऊन आलेले. मुलगा पूल आणि रस्ते बांधणाऱ्या इंजिनिअरांच्या नामांकित शाळेत शिकला. १९४० मध्ये जर्मन फौजा आल्या तेव्हा फ्रेंच सैन्याच्या माघारीत पुलांखाली सुरुंग लावून ते उडवायचं काम या इंजिनिअराच्या वाट्याला आलं. पराभूत देशात राहवेना म्हणून त्याने वसाहतीत नोकरी धरली आणि १९४१ च्या अखेरीस नायजरमध्ये रस्त्याच्या कामावर रुजू झाला. हे रस्ते सक्तीच्या मजुरीवर होत होते आणि हाताखाली हजारो माणसं होती. हे विसरून रूशची गोष्ट सांगता येणार नाही. तो तिथे आला तो साहेब म्हणून.

१९४२ च्या पावसाळ्यात कामावर वीज पडली आणि दहा मजूर जागच्या जागी गेले. साहेबाला काय करावं सुचेना. मुसलमान गावकरी मयतांना हात लावायला तयार नव्हते, कारण हे दोंगोचं काम होतं आणि दोंगो म्हणजे विजेचा देव. तेव्हा कचेरीत कामाला असलेला एक सोर्को तरुण, दामूरे झिका, पुढे आला आणि म्हणाला की माझ्या आजीला हे जमतं. आजीचं नाव कालिया. ती आली, तिने मृतांवर विधी केले, आणि बघता बघता तिथे जमलेल्यांपैकी काहींच्या अंगात आलं. दोंगो माणसांच्या तोंडून बोलू लागला.

मराठी वाचकाला इथे फार समजावून सांगावं लागत नाही. 'अंगात येणं' हा शब्द आपल्याकडे तयार आहे. वारं येतं, देव बोलतो, डफ किंवा संबळ थांबला की माणूस थकून खाली बसतो, हे आपल्यापैकी अनेकांनी जत्रेत किंवा घरातच पाहिलेलं असतं. रूशपाशी असा शब्द नव्हता. त्याने पाहिलं ते लिहून काढायचा प्रयत्न केला, फोटो काढले, आणि दोन्ही अपुरं आहे हे त्याच्या ध्यानात आलं. हे टिपायला हलणारं चित्र हवं आणि आवाजही हवा. इंजिनिअराचा चित्रपटकार झाला तो या अपुरेपणामुळे.

युद्ध संपल्यावर तो आणि त्याचे दोन इंजिनिअर मित्र, झाँ सोव्ही आणि पिएर पोंती, नायजर नदी उगमापासून समुद्रापर्यंत होडीने उतरायला निघाले. १९४६ च्या उन्हाळ्यात सुरुवात, १९४७ च्या वसंतात शेवट, चार हजारांहून जास्त किलोमीटर. निघण्यापूर्वी रूशने पॅरिसच्या जुन्या बाजारातून १६ मिलिमीटरचा बेल अँड हॉवेल कॅमेरा विकत घेतला होता. प्रवासाच्या सुरुवातीलाच खळाळात ट्रायपॉड वाहून गेला. त्या काळी ट्रायपॉडशिवाय चित्रीकरण म्हणजे हौशी माणसाची घाई समजत. रूशला कॅमेरा हातात धरण्यावाचून इलाज उरला नाही, आणि मग त्याने तो पुन्हा कधी खाली ठेवला नाही. कॅमेरा खांद्याला लावून चालायचं, वाकायचं, माणसाभोवती फिरायचं. यासाठी त्याने पुढे शरीराला रीतसर वळण लावून घेतलं, एखादा नर्तक लावतो तसं.

प्रवासात टिपलेली शिकार एका फ्रेंच वृत्तचित्र कंपनीने विकत घेतली, मोठ्या पडद्यासाठी फुगवली, सायकल शर्यतीचं धावतं वर्णन करावं अशा आवाजात तिच्यावर निवेदन चढवलं आणि 'काळ्या जादूगारांच्या देशात' अशा अर्थाचं नाव दिलं. रूशला तो चित्रपट आपल्या मित्रांना दाखवायची लाज वाटली. आयोरूला तो जो चित्रपट घेऊन गेला तो यानंतरचा, १९५१ चा, आणि निवेदन त्याने स्वतःच्या आवाजात केलं होतं.

त्याच १९५४ च्या ऑगस्टमध्ये तो आक्र्यात होता, म्हणजे इंग्रजांच्या गोल्ड कोस्टमध्ये. नायजरमधून पोटासाठी तिथे गेलेल्या मजुरांत एक पंथ होता, हौका. त्यांच्या अंगात जे यायचं ते जुने देव नव्हते. गव्हर्नर यायचा, जनरल यायचा, आगगाडीचा ड्रायव्हर यायचा, डॉक्टरची बायको यायची. हौका लोकांनीच रूशला बोलावलं की आमचा वर्षाचा विधी चित्रित कर. त्यातून 'ले मेत्र फू' झाला. अर्धा तास लांबीचा हा चित्रपट आजही बघताना पोटात कालवतं. माणसांच्या तोंडातून फेस येतो, ती लाकडी बंदुका घेऊन कवायत करतात, कुत्रा मारून त्याचं उकळतं मांस हाताने काढून खातात.

या चित्रपटातली एकच जागा मी जवळून सांगतो. आवारात गव्हर्नरचा एक लाकडी पुतळा उभा आहे. एक हौका त्याच्या डोक्यावर अंडं फोडतो. पांढरं-पिवळं घरंगळत खाली येतं. तेवढ्यात रूश चित्र बदलतो आणि आपण थेट खऱ्या लष्करी संचलनात जातो. समोर खराखुरा इंग्रज गव्हर्नर आहे, आणि त्याच्या टोपीवर पिसांचा तुरा आहे, पांढरा आणि पिवळा. अंडं म्हणजे तो तुरा होता. दोन चित्रांच्या सांध्यात आपल्याला कळतं की मघापासून ज्याला आपण वेड समजत होतो ती राज्यकर्त्यांची नक्कल आहे. बारीक, तपशीलवार, दिवसभर त्यांच्या हुकमात राबणाऱ्याने केलेली. रूशचा कॅमेरा चावीचा होता आणि एका चावीत पंचवीसेक सेकंद चालायचा. पुन्हा चावी देता देता पुढचं काय घ्यायचं हे ठरवायला तेवढीच उसंत. ध्वनिमुद्रण दामूरे झिकाने केलं होतं.

पॅरिसमध्ये मानव संग्रहालयात पहिला खेळ झाला तेव्हा रूशचे गुरू मार्सेल ग्रिओल संतापले आणि चित्रपट नष्ट करा म्हणाले. तिथल्या आफ्रिकी प्रेक्षकांचंही मत तेच होतं, कारण वेगळं. हे पाहून युरोपातला माणूस म्हणेल, बघा, आम्ही म्हणत होतो तसेच हे रानटी आहेत. गोल्ड कोस्टच्या सरकारने बंदी घातली. प्राण्यांशी क्रूरता हे एक कारण, आणि दुसरं असं की अंडं गव्हर्नरच्या म्हणजे पर्यायाने राणीच्या डोक्यावर फुटलं होतं. राज्यकर्त्यांना तो सांधा नेमका समजला होता म्हणायचा. रूशने चित्रपट नष्ट केला नाही. १९५७ मध्ये व्हेनिसला त्याला पारितोषिक मिळालं. माझ्या मते त्याने तो ठेवला हे बरं केलं आणि आफ्रिकी प्रेक्षकांचा आक्षेपही खरा होता. चित्रपटाच्या शेवटी रूश हीच माणसं दुसऱ्या दिवशी आपापल्या कामावर हसतमुखाने राबताना दाखवतो आणि निवेदनात सुचवतो की या विधीमुळे त्यांचं मन ताळ्यावर राहतं. हे वाक्य त्यांच्या तोंडचं नाही, साहेबाचं आहे. चादर लावून त्यांना विचारलं असतं तर ते काय म्हणाले असते, हा प्रश्न तिथे लोंबत राहतो.

आयोरूच्या रात्रीचं खरं फळ दुसरीकडे आलं. दामूरे, गुराखी लाम इब्राहिमा दिया आणि कोळी इलो गौदेल या तिघांनी रूशला सुचवलं की आता आपण सगळे मिळून एक गोष्ट करू. आपल्याकडची पोरं पैसे कमवायला गोल्ड कोस्टला जातात आणि परत येतात, ती. गोष्ट लिहिलेली नव्हती, वाटेत सुचत गेली. आवाजाशिवाय चित्रीकरण झालं आणि तीनेक वर्षांनी दामूरे आणि लामने पडद्याकडे बघत बघत, एकमेकांची थट्टा करत त्यावर निवेदन केलं. तो 'जाग्वार'. पुरा व्हायला १९६७ उजाडलं. तिघं कमवून परत येतात आणि सगळी कमाई गावात वाटून टाकतात.

त्याच रीतीने १९५७ मध्ये आबिदजाँच्या त्रेशव्हिल वस्तीत 'म्वा, आँ न्वार' झाला, म्हणजे 'मी, एक काळा माणूस'. गोदीत हमाली करणारी नायजरची पोरं, आठवडाभर राबणारी आणि शनिवारी-रविवारी सिनेमातल्या नटांची नावं लावून फिरणारी. त्यातला मुख्य होता उमारू गांदा. इंडोचायनात फ्रेंच फौजेतून लढून आलेला हा तरुण पडद्यावर स्वतःला एडवर्ड जी. रॉबिन्सन म्हणवतो. कच्चं संकलन समोर चालू असताना त्याने मनाला येईल ते बोलायचं होतं, आणि तो बोलत गेला. पैसा, बायका, मुष्टियोद्धा व्हायचं स्वप्न. शेवटी खाडीकाठी मित्राला युद्ध करून दाखवतो: असा सरपटलो, असा बाँब टाकला, असे शेजारचे मेले. त्याच्या हातापायांत ते युद्ध अजून शिल्लक आहे हे दिसतं. फ्रान्समध्ये या चित्रपटाला लुई देल्युक पारितोषिक मिळालं, दिग्दर्शक गोदारने त्याच्यावर स्तुतीचा वर्षाव केला, आणि रस्त्यावर हातात कॅमेरा घेऊन चित्रपट करणाऱ्या नव्या पिढीला यातून पुष्कळ मिळालं.

गांदा मात्र पूर्ण खूश नव्हता. आपली गोष्ट आपण वेगळी सांगितली असती असं त्याला वाटत होतं, आणि त्याने ती सांगितली. १९६८ मध्ये 'काबास्काबो' हा चित्रपट त्याने स्वतः दिग्दर्शित केला, इंडोचायनाहून परतलेल्या सैनिकावर. १९७२ मध्ये वागादुगूच्या आफ्रिकी चित्रपट महोत्सवातलं पहिलं मोठं पारितोषिक त्याच्याच चित्रपटाला मिळालं. वसाहतींत परवानगीशिवाय कॅमेरा चालवायला फ्रेंच सरकारने १९३४ पासून बंदी घातली होती आणि ती परवानगी आफ्रिकी माणसाला मिळणं जवळपास अशक्य होतं. या पार्श्वभूमीवर गोदीतल्या हमालाने इथवर येणं किती लांबचा पल्ला होता हे लक्षात येईल.

१९६० च्या उन्हाळ्यात रूशने कॅमेरा पॅरिसकडे वळवला. समाजशास्त्रज्ञ एदगार मोराँने आग्रह धरला होता की इतकी वर्षं आफ्रिकेतली माणसं टिपलीस, आता आपली टीप. अल्जीरियात युद्ध चालू होतं. रस्त्यात माणसं थांबवून विचारायचं, तुम्ही सुखी आहात का? त्यातून 'क्रोनीक दँ एते', म्हणजे एका उन्हाळ्याची बखर, उभी राहिली. सिनेमा-व्हेरिते हा शब्द या चित्रपटाबरोबर जगभर गेला. कॅमेरा नव्या बनावटीचा होता, हलका, अजून प्रयोगावस्थेत, वापरता वापरता दुरुस्त होत गेलेला. तो चालवायला कॅनडाहून मिशेल ब्रो आला.

रस्त्यावर हा प्रश्न विचारायला मार्सलीन लोरिदाँ जायची. एका प्रसंगात मानव संग्रहालयाच्या गच्चीवर काही आफ्रिकी तरुण तिच्याबरोबर बसले आहेत. तिच्या हातावर आकडा गोंदलेला आहे. रूश त्यांना विचारतो, हे काय असेल? त्यांना ओळखता येत नाही. मार्सलीन सांगते. १९४४ मध्ये, शाळकरी वयात, वडिलांबरोबर तिला आउश्वित्झला नेलं होतं. वडील परतले नाहीत.

पुढच्या दृश्यात ऑगस्टच्या सुट्टीने ओस पडलेल्या काँकॉर्द चौकातून ती एकटी चालते आहे. खांद्याला ध्वनिमुद्रण यंत्राची पिशवी, कपड्याला लावलेला छोटा माइक. ती हळू आवाजात वडिलांशी बोलते. कॅमेरा पुढे आहे एका छोट्या गाडीत, आणि इंजिनाचा आवाज येऊ नये म्हणून ती गाडी माणसं हाताने ढकलत नेताहेत. त्यामुळे ती काय बोलते आहे हे बोलत असताना कोणालाच ऐकू येत नव्हतं, फक्त यंत्राला. पुढे बाजाराच्या लोखंडी मंडपाखाली ती शिरते, कॅमेरा तिच्यापासून दूर दूर जात राहतो, आणि स्टेशनवरच्या परतीच्या दिवसाबद्दल बोलणारी ती बाई लहान होत जाते. आवाज मात्र आपल्या कानाशीच राहतो. माहितीपटात मी पाहिलेल्या सर्वांत एकट्या चालण्यांपैकी हे एक आहे.

इथेही चादर आलीच. चित्रपटाच्या शेवटी रूश आणि मोराँ सगळ्यांना एका सभागृहात बसवून हाच चित्रपट दाखवतात. कुणी म्हणतं खोटा आहे, कुणी म्हणतं निर्लज्ज आहे, कुणी म्हणतं इतका खरा की बघवत नाही. ते सगळं बोलणं चित्रपटात ठेवलं आहे. आयोरूच्या शिकाऱ्यांचं म्हणणं ऐकून संगीत काढलं होतं. पॅरिसकरांच्या तक्रारी तर चित्रपटातच जाऊन बसल्या.

१९६५ मध्ये सेनेगलचा दिग्दर्शक ऊस्मान सेम्बेन याने रूशला समोरासमोर सुनावलं की तुम्ही मंडळी आमच्याकडे किडे निरखावेत तसं बघता. 'म्वा, आँ न्वार' त्याला आवडला होता, राग रूशच्या बाकीच्या कामावर होता. रूशने हा आरोप पुढे कधी झटकला नाही. माझ्या मते त्याचं सर्वांत चांगलं उत्तर १९७० च्या सुमाराच्या 'पती आ पती'मध्ये आहे. त्यात दामूरे पॅरिसला जातो, उंच इमारतींत माणसं कशी राहतात ते बघायला. भर चौकात तो जाणाऱ्या-येणाऱ्यांना थांबवतो, कंपासाने त्यांची डोकी मोजतो, तोंड उघडायला लावून दात बघतो आणि वहीत नोंदी करतो. पॅरिसकर निमूटपणे मोजून घेतात. याच चित्रपटात काम केलेली सफी फाय पुढे मानवशास्त्र शिकून सेनेगलची नामवंत दिग्दर्शिका झाली.

१५ मार्च १९७१ ची गोष्ट. नायजरमधल्या सिमिरी गावी पिकांच्या रक्षणासाठी देवाला बोलावण्याचा विधी चौथ्या दिवशीही निष्फळ चालला होता. तूरू आणि बित्ती ही जुनी ढोलवाद्यं वाजत होती, एक म्हातारा तासन् तास नाचत होता, अंगात काही येत नव्हतं. ऊन कलायला लागलं तसं रूशने ठरवलं की निदान वाद्यं तरी टिपू. कॅमेरा सुरू करून तो चालत आवारात शिरला. मध्येच ढोल थांबले. कॅमेरा थांबला नाही. तो चालू आहे हे पाहून वादक पुन्हा वाजवू लागले, आणि म्हाताऱ्याच्या अंगात कुरे आला, तरसाचा देव. दहा मिनिटांचं एक अखंड चित्र. रूशचं म्हणणं होतं की ते वारं आपल्या कॅमेऱ्याने आणलं, आणि त्या वेळी आपणही पुरते भानावर नव्हतो.

१८ फेब्रुवारी २००४ च्या रात्री, नायजरमध्येच, बिर्नी न'कोनी गावाजवळ मोटारीच्या अपघातात तो गेला. वय ८६. तिथल्या चित्रपटांच्या एका सोहळ्यासाठी तो आला होता. दामूरे त्याच गाडीत होता आणि वाचला. रूशला नायजरच्या राजधानीत, नियामेतच पुरलं.

त्याच्या कामातला एक मोठा भाग मी मुद्दाम मागे ठेवला. मालीतल्या बांदियागाराच्या कड्यावर डोगोन लोकांचा सिगी नावाचा विधी साठ वर्षांतून एकदा येतो आणि सात वर्षं चालतो, दर वर्षी पुढच्या गावी सरकत. १९६७ पासून रूश आणि मानवशास्त्रज्ञ जेरमेन दितर्लाँ त्याच्या मागे गेले, वर्षामागून वर्ष. शेवटचा भाग दुष्काळामुळे वेळेवर टिपता आला नाही, तो नंतर गावकऱ्यांकडून करून घेतला. आपल्या गावचा सिगी बहुतेक डोगोनांनी पाहिलेला असतो, पुढच्या गावांचा नाही. तो सगळा सलग, एका जागी बसून, पहिल्यांदा या रिळांवर पाहता आला.

पुढचा सिगी यूगो गावी २०२७ मध्ये यायचा आहे. गेली काही वर्षं त्या कड्याखालच्या गावांत बंदुका फिरताहेत, गावं जळली आहेत, माणसं परागंदा झाली आहेत. मागचा सिगी स्वतः पाहिलेले आता निदान साठीच्या आसपासचे असतील. रिळं फ्रान्समध्ये आहेत.